मिरवणूक बघायला येणाऱ्यांसाठी थोडी जागा सोडा

प्रति,
पुण्यातल्या गणेशोत्सव मंडळांचे कार्यकर्ते, ढोल-ताशा पथकांचे प्रमुख, विसर्जन मिरवणुकीचं नियोजन करणारे अधिकारी आणि थेट प्रक्षेपण करणाऱ्या वाहिन्यांचे संपादक

विषय : अनंत चतुर्दशीच्या मिरवणुकीत प्रेक्षकांची होणारी परवड

सप्रेम नमस्कार.

माझी आई 83 वर्षांची आहे. पानशेतचा पूर येऊन गेला त्याच्या पुढच्या वर्षी, म्हणजे 1962 साली, ती लग्न होऊन नारायण पेठेतल्या आमच्या वाड्यात आली. माहेर खेड्यातलं. गणपती म्हणजे घरचा दीड दिवसाचा, एवढंच तिला ठाऊक. त्या वर्षी अनंत चतुर्दशीला माझ्या आजीने तिला लक्ष्मी रस्त्यावर ओळखीच्या एका घरी नेलं आणि पहिल्या मजल्यावरच्या लाकडी गॅलरीत कठड्याशी बसवलं. खालून कसब्याची, म्हणजे मानाच्या पहिल्या गणपतीची, पालखी गेली तेव्हा आपोआप हात जोडले गेले आणि डोळ्यांत पाणी आलं, असं ती आजही सांगते. माझा जन्म झाला ते वर्ष आणि करोनाची दोन वर्षं सोडली, तर त्यानंतर तिची मिरवणूक कधी चुकली नाही.

ती गॅलरी मीही पाहिली आहे. त्या दिवशी घराचं दार उघडंच असायचं. घरमालकांना ज्यांची नावंही ठाऊक नाहीत अशी माणसं जिना चढून वर यायची. दाराशी चपलांचा ढीग पडायचा. आत स्वयंपाकघरात पोह्यांचं मोठं पातेलं चढलेलं असायचं. आम्ही मुलं कठड्याच्या गजांमधून पाय खाली सोडून बसायचो आणि गुरुजी तालमीचा गणपती आला की खालून उधळलेला गुलाल आमच्या तळपायांना लागायचा. पावसाची सर आली तरी कोणी जागचं हलायचं नाही. मिरवणूक बघणं हे त्या घराचं वर्षातलं एक काम होतं आणि ते मनापासून व्हायचं.

आता ते घर नाही, आमचा वाडाही नाही. आम्ही सिंहगड रस्त्यावर राहायला गेलो त्याला बरीच वर्षं झाली. पण सकाळी लवकर निघून, लक्ष्मी रस्त्याच्या पदपथावर जागा धरून मिरवणुकीत सगळ्यांच्या पुढे असणारे मानाचे पाच गणपती बघायचे आणि दुपारी घरी परतायचं हा नेम आईने सोडला नाही. गेल्या अनंत चतुर्दशीला तो मोडला. कसा मोडला ते सांगितल्याशिवाय माझ्या मागण्या तुम्हाला कळायच्या नाहीत, म्हणून हे पत्र.

आम्ही दांडेकर पुलापर्यंत रिक्षाने गेलो. पुढचा रस्ता सदाशिव पेठेच्या गल्ल्यांमधून, दर दोनशे पावलांवर घडीचं स्टूल मांडून आईला बसवत, चालत काढला. लक्ष्मी रस्त्यावर पोहोचलो तेव्हा टिळक पुतळ्यापासून मिरवणूक निघाली होती आणि नगारा लांबून ऐकू येऊ लागला होता. दरवर्षी जिथे उभ्या राहतो तिथे पदपथ नव्हताच. लोखंडी सांगाडा उभारून त्यावर व्यासपीठ बांधलं होतं. खाली हिरवी जाजमं, वर कापडाची झूल, समोर पुरुषभर उंचीचा फ्लेक्स आणि त्यावर चेहरे. त्या फ्लेक्समागे साठ-सत्तर खुर्च्या होत्या आणि त्यातल्या निम्म्याहून जास्त रिकाम्या होत्या. आम्ही समोरच्या बाजूला गेलो. तिथे दुसरं व्यासपीठ. दोन व्यासपीठांच्या मधल्या चिंचोळ्या फटीत पाच-सहा रांगा दाटून उभ्या होत्या. त्यात पाठीला पोरं बांधलेल्या बाया होत्या आणि आमच्यासारख्या म्हाताऱ्याही होत्या.

एका कार्यकर्त्याला मी हात जोडून म्हटलं, ‘दादा, मागे खुर्च्या रिकाम्या आहेत. आईला दहा मिनिटं बसू द्या.’ तो वाईट बोलला नाही. खाली मान घालून म्हणाला, ‘काकू, पासशिवाय सोडता येत नाही. मला वरून सांगितलंय.’

कसब्याचा गणपती आला. आईला नगारा कळला, चौघडा कळला, शंखनाद कळला. पालखी दिसली नाही. माझ्या खांद्याला धरून ती टाचा उंचावत होती. त्या वयात टाचा किती उंचावणार? ‘गेला का गं?’ असं तिने मला तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा मी ‘गेला’ म्हटलं, तेव्हा फ्लेक्सच्या कडेवरून पालखीचं नुसतं छत्र हलताना दिसत होतं. तिने त्या छत्राला नमस्कार केला.

त्यानंतर मागून रेटा आला. आईला गरगरायला लागलं. बाहेर पडावं म्हणून शेजारच्या बोळाकडे वळलो, तर बोळाच्या तोंडाशी बांबूंची आडवी-उभी बांधणी आणि त्यावर पत्रे ठोकलेले. एका महिला पोलीस शिपायाने आमची अवस्था पाहिली. ती स्वतः आली, पत्रा ओढून धरला आणि आईला वाकवून पलीकडे काढलं. पलीकडे एक ढोल पथक आपल्या वेळेची वाट बघत बसलं होतं. त्यातल्या एका मुलीने आपल्या बाटलीतलं पाणी आईच्या तोंडावर मारलं आणि ती शुद्धीवर येईपर्यंत ढोलाला टेकवून बसवलं. त्या मुलीच्या दहाही बोटांना चिकटपट्ट्या होत्या. त्या दोघींचे उपकार मी विसरणार नाही. आईला लघवीला जायचं होतं. ती सोय कुठेच नव्हती. अखेर गल्लीतल्या एका अनोळखी बाईंनी घरात नेलं. त्या उघड्या दाराची आठवण मी मघाशी सांगितली. पुण्यात ती दारं अजून आहेत, एवढंच समाधान.

एक गोष्ट आधीच सांगते, म्हणजे गैरसमज नको. मी मिरवणुकीच्या विरोधात नाही आणि ढोल-ताशाच्या तर अजिबात नाही. माझी लेक चार वर्षं एका पथकात ताशा वाजवते आहे. पावसाळ्याचे दोन महिने रोज संध्याकाळी नदीपात्रात सराव करून ती रात्री दहाला घरी येते, तेव्हा तिच्या हातांना तेल मी लावते. 2024 साली राष्ट्रीय हरित लवादाने पथकात 30 पेक्षा जास्त वादक नकोत असा आदेश दिला तेव्हा आमच्या घरात सुतक पडलं होतं. आणि सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली त्या दिवशी पेढे आले होते. तेव्हा ‘यांना उत्सवच नको आहे’ असं म्हणून हे पत्र बाजूला ठेवू नका. मी तुमच्याच घरची आहे.

आता तक्रारी.

सगळ्यात मोठी तक्रार जागेची. पदपथ हा मिरवणूक बघणाऱ्याचा आहे. रस्ता बाप्पाचा, पथकांचा, रथांचा. मग बघणाऱ्याला उरतो तो पदपथच. तोही स्वागत कक्ष, व्यासपीठं आणि पाहुण्यांच्या खुर्च्यांनी अडवला, तर दूरदूरच्या गावांहून एसटीने आलेल्या माणसाने कुठे उभं राहायचं? लक्ष्मी रस्त्याने बेलबाग चौकापासून अलका चौकापर्यंत चालत जाऊन मोजा, सलग किती पावलं मोकळा पदपथ सापडतो ते. मंडळांचं स्वागत करायला माझी ना नाही. त्यासाठी चौकात एक छोटं टेबल, एक हार आणि एक नारळ पुरतो. स्वागत करणाऱ्याचा चेहरा पालखीच्या आड यावा, हे कोणत्या परंपरेत बसतं?

दुसरी बोळांची. गर्दी रस्त्यावर घुसू नये म्हणून बोळ बंद करावे लागतात, हे मला समजतं. पण जिथून माणूस आत येतो तिथून त्याला बाहेर पडता आलं पाहिजे. दोन्ही बाजूंचा एकेक बोळ, दर चौकाला, फक्त बाहेर जाण्यासाठी आणि रुग्णवाहिकेसाठी मोकळा ठेवायला काय हरकत आहे? तिथे पत्रा नको, दोरी धरून दोन स्वयंसेवक उभे करा. आईला त्या दिवशी भोवळ आली. तिच्या जागी हृदयविकाराचा झटका आलेला कोणी असता तर पत्रा काढायला कोण धावलं असतं?

बायकांच्या स्वच्छतागृहाबद्दल फार लिहिणार नाही, लिहायची लाज मला वाटते, तुम्हालाही वाटावी. सकाळी आठपासून जागा धरून बसलेल्या बाया पाणी पीत नाहीत, हे मी दरवर्षी बघते. पथकातल्या मुलीही पीत नाहीत. माझी लेक त्या दिवशी सहा-सात तास वाजवते आणि घरी आली की डोकं धरून बसते. दर चौकाजवळ, दिवा, पाणी आणि कडी असलेली फिरती स्वच्छतागृहं हवीत. ती कुठे आहेत याचे मोठे फलक हवेत.

वेळेबद्दल मात्र सविस्तर लिहायला हवं, कारण इथे दोष एकाचा नाही. सकाळी मंडईतून निघालेली मिरवणूक दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत चालते. 2022 साली ती 30 तासांच्या वर गेली. मंडळं वाढली, हे खरं. पण तेवढंच कारण नाही. चौकाचौकांत पथकांचं स्थिर वादन, म्हणजे एका जागी थांबून वाजवणं, चालतं, एकेका मंडळापुढे दोन-दोन, तीन-तीन पथकं असतात आणि पुढचं मंडळ सरकून गेलं तरी मागचं हलत नाही. मध्ये रस्ता रिकामा पडलेला आम्ही बघत राहतो. मग मध्यरात्री ध्वनिक्षेपक बंद करावे लागतात आणि काही मंडळं सकाळी 6 वाजता ते पुन्हा सुरू करता यावेत म्हणून जागच्या जागी थांबून राहतात. या थांबण्यात बंदोबस्तावरचे पोलीस उभे असतात, सफाई कामगार उभे असतात, ट्रॅक्टरवरचा चालक डुलक्या घेत असतो. लहान मुलं रस्त्याच्या कडेला कागदावर झोपलेली असतात.

हे बदलता येत नाही असं मला सांगू नका. दगडूशेठ हलवाई गणपतीची मिरवणूक पूर्वी दुसऱ्या दिवशी उजाडताना अलका चौकात यायची. 2023 साली त्या मंडळाने दुपारी 4 च्या सुमारास मिरवणुकीत यायचं ठरवलं आणि त्याच रात्री विसर्जन झालं. किती घरांतल्या आजी-आजोबांना, किती लहान मुलांना त्या वर्षी पहिल्यांदा तो गणपती मिरवणुकीत बघायला मिळाला! एका मंडळाने ठरवलं आणि जमलं. मग बाकीच्यांनी ठरवायला काय लागतं?

आवाजाचं म्हणाल तर ढोल आणि डीजे यांना एका तराजूत घालू नका, असं माझं सगळ्यांना सांगणं आहे. ढोल माणूस वाजवतो, तो दमतो, थांबतो, श्वास घेतो. स्पीकरच्या भिंती दमत नाहीत. ध्वनिप्रदूषण नियम 2000 सालापासून आहेत. निवासी भागात दिवसा 55 आणि रात्री 45 डेसिबल ही त्यातली मर्यादा. लक्ष्मी रस्त्यावरच्या चौकांत सीओईपी या अभियांत्रिकी शिक्षणसंस्थेचे विद्यार्थी वर्षानुवर्षं आवाज मोजत आले आहेत आणि तो शंभरापार गेल्याच्या बातम्या आपण सगळ्यांनी वाचल्या आहेत. बेस वाजला की दुकानांचे पत्रे थरथरतात, छातीत धडधडतं, कानातलं यंत्र काढून ठेवावं लागतं. टिळक रस्त्यावर राहणारी माझी मावशी त्या रात्री घराला कुलूप लावून मुलाकडे जाते. सणाच्या दिवशी माणसाला घर सोडून जावं लागत असेल तर तो सण तिचा कसा? आणि ते लेझरचे झोत. त्यांनी डोळ्यांच्या पडद्याला इजा होते हे नेत्रतज्ज्ञांनी वारंवार सांगितलं आहे, बंदीचे आदेशही निघतात. आदेश निघतात तर झोत कसे निघतात, याचं उत्तर मला हवं आहे.

आता घरून बघणाऱ्यांकडे येते, कारण त्यांच्या बाजूने कोणी बोलतच नाही.

त्या दिवशी आईला घरी आणलं, मीठ-साखरेचं पाणी दिलं, पलंगावर टेकवलं आणि टीव्ही लावला. म्हटलं, पालखी तिथे नाही दिसली तर निदान इथे दिसेल. पडद्यावर एक निवेदिका आणि एक पाहुणे कलाकार लाल-पिवळ्या गाद्यांवर बसून बोलत होते. कलाकाराच्या लहानपणीच्या मोदकांच्या आठवणी चालल्या होत्या. पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात, काडेपेटीएवढ्या चौकोनात, तांबडी जोगेश्वरीची पालखी जात होती. आई उठून बसली. चष्मा लावून टीव्हीच्या अगदी जवळ गेली, त्या चौकोनावर बोट ठेवलं आणि म्हणाली, ‘अगं, त्यांना सांग ना थोडं थांबायला. जोगेश्वरी चाललीय.’

मी कोणाला सांगणार? म्हणून आज सांगते.

वाहिन्यांनो, पलंगाला खिळलेली माणसं, ऐंशी-नव्वदीतली माणसं, चाकाच्या खुर्चीवरची माणसं, बाळंतिणी, रात्रपाळीचे कामगार, दवाखान्यात असलेले रुग्ण, परगावी आणि परदेशी असलेली आपली मुलं, हे सगळे तुमच्या डोळ्यांनी मिरवणूक बघतात. माझा भाऊ न्यू जर्सीत राहतो. इथे सकाळी मिरवणूक निघते तेव्हा तिथे मध्यरात्र उलटलेली असते. तो गजर लावून उठतो आणि मुलांना उठवतो. मुलांना त्याला दाखवायचं असतं ते ढोलाचं रिंगण, नाचणारे भगवे ध्वज, रांगोळीच्या पायघड्या, गुलाल. त्यांना ऐकू येते ती मुलाखत आणि मागे कुठेतरी पुसट ढोल. ताशाची तर्री, म्हणजे काड्यांचा जलद कडकडाट, सुरू झाली की निवेदक आवाज चढवतो. नका चढवू. तेव्हा गप्प राहा. ते वाजतंय तेच ऐकायला आम्ही बसलो आहोत.

आणि पाच मानाचे गणपती गेले की तुमचे कॅमेरे विसावतात. टिळक रस्ता, केळकर रस्ता, कुमठेकर रस्ता या मार्गांवरही मंडळं असतात, त्यांचेही कार्यकर्ते वर्षभर राबतात. जिवंत देखावे, सजवलेले रथ, गावाकडून आलेली लेझीम पथकं, मल्लखांब करणारी मुलं तिथून जातात. घरी बसलेल्याला त्यांचा पत्ताही लागत नाही.

2025 साली राज्य सरकारने गणेशोत्सवाला राज्य महोत्सवाचा दर्जा दिला. मला त्याचा आनंद झाला, आईलाही झाला. पण दर्जा दिला की जबाबदारीही येते. म्हणून माझ्या मागण्या मांडते. त्या कोणालाही न पेलणाऱ्या नाहीत.

लक्ष्मी रस्त्यावर बेलबाग चौक ते अलका चौक या पट्ट्यात पदपथावर एकही व्यासपीठ नको. त्याऐवजी दर चौकात ज्येष्ठ नागरिक आणि अपंग व्यक्तींसाठी उतार असलेला एक उंच ओटा बांधा. त्याला पास नको, ओळख नको. आधार कार्डावरचं वय बघा आणि बसवा.

बाहेर पडण्याचे बोळ, स्वच्छतागृहं, पाणी आणि रुग्णवाहिकेच्या जागा दाखवणारा नकाशा आठ दिवस आधी वर्तमानपत्रांत छापा, मंडपांत लावा.

स्थिर वादनाची वेळ आणि एका मंडळापुढची पथकांची संख्या मंडळांनी आपापसांत बसून ठरवावी आणि ती सगळ्यांनी पाळावी. पोलिसांनी हाकलावं लागू नये. कार्यकर्त्यांनी मनावर घेतलं तर एका बैठकीचं काम आहे. मध्यरात्रीनंतर थांबून राहणाऱ्या मंडळांनी पारंपरिक वाद्यं, टाळ-मृदंग नाहीतर नुसत्या जयघोषात पुढे सरकावं. बाप्पाला पोहोचवायला स्पीकर लागत नाही.

डीजेच्या भिंती आणि लेझर यांच्यावर कारवाई मिरवणूक संपल्यावर गुन्हे नोंदवून नको. मंडपातून निघतानाच तपासा आणि तिथेच उतरवून ठेवा.

आणि सरकारने किंवा कोणत्याही वाहिनीने, निदान एकाने तरी, मिरवणुकीचं एक प्रक्षेपण असं करावं की ज्यात निवेदन नसेल. चौकाचा मूळ आवाज, खाली मंडळाचं आणि पथकाचं नाव, एवढंच. शेवटचा गणपती जाईपर्यंत ते चालू राहू दे. चारही मार्गांवर एकेक कॅमेरा असू दे. मुलाखती दुसऱ्या वाहिन्यांवर खुशाल घ्या.

2020 आणि 2021 ही दोन वर्षं आठवतात का तुम्हाला? मंडळांनी मंडपातच विसर्जन केलं होतं. त्यातल्या एका अनंत चतुर्दशीला दुपारी कामासाठी मी लक्ष्मी रस्त्यावरून गेले होते. रस्ता स्वच्छ होता, शांत होता, एकही रथ नव्हता आणि पदपथावर एकही माणूस नव्हतं. एका बंद दुकानाच्या पायरीवर एक म्हातारे गृहस्थ स्वच्छ धोतर-टोपी घालून, हातात फुलांची पुडी घेऊन बसले होते. कोणाची वाट बघताय विचारलं तर म्हणाले, ‘कोणाची नाही. या वेळेला इथे बसायची सवय आहे.’ तुम्ही बाप्पाला ज्या भक्तीने पुढे नेता, त्याच भक्तीने तो माणूस कडेला बसतो. मंडळाच्या हिशेबवहीत त्याची नोंद नसते. तो वर्गणी देतो, सकाळी येतो, हात जोडतो आणि जातो.

यंदाच्या नियोजनाच्या बैठका लवकरच सुरू होतील. त्या बैठकांना अधिकारी असतात, मंडळांचे अध्यक्ष असतात, पथकांचे प्रतिनिधी असतात. माझी शेवटची मागणी अशी, की त्यात एक खुर्ची प्रेक्षकांसाठी ठेवा. पेठेत राहणारं एक माणूस आणि बाहेरून बघायला येणारं एक माणूस बोलवा, त्यातली एक बाई असू द्या. बोलावलंत तर मी येईन. येताना लक्ष्मी रस्त्याचा हाताने काढलेला नकाशा आणीन. त्यात आम्ही कुठे उभ्या होतो, व्यासपीठं कुठे होती आणि कोणता बोळ बंद होता, ते सगळं आईने स्वतः पेन्सिलीने दाखवलं आहे.

मंडळांच्या, पथकांच्या आणि अधिकाऱ्यांच्या उत्तराची मी वाट बघते आहे.

आपली,
लक्ष्मी रस्त्यावरची एक प्रेक्षक